पूर्णगडचं दप्तर

मुचकुंदीच्या मुखाशी, जकातीच्या जुन्या कचेरीत
एक हजार नऊ याद्या आहेत.
म्हणजे मोजल्या तेव्हा होत्या.
मोजणीचीही यादी झाली, तिलाही फळी द्यावी लागली.

दाऊदमियां सोलकरांनी किल्ल्यांचा जुडगा हातावर ठेवला
तेव्हा एवढंच म्हणाले, "शेवंती, इथल्या कागदांना
वाळवी लागत नाही. त्यांना एकमेकांची बाधा होते."

फुटलेल्या गलबतांची यादी.
त्यांना फोडणाऱ्या वाऱ्यांची; आपापल्या पानावर ते अजून वाहतात,
म्हणून तिच्यावर वरवंटा ठेवायचा.
बुडताना तांडेलांनी घेतलेल्या देवांची, घेतलेल्या क्रमाने.
बांगड्यानं पाठ फिरवली ती सालं.
आणि याद्यांच्या याद्या, त्यांच्याही याद्या,
टोपलीतल्या चिंबोऱ्यांसारख्या, एकीची नांगी दुसरीत.

काही आपमतलबी. उघडावी तर पहिलं नाव तिचंच.
रात्री कपाटात स्वतःला वाचत बसतात,
आषाढात फुगतात, फणसासारखा वास सोडतात.
काही मात्र पंगतीत सगळ्यांना वाढून
स्वतःचं पान न मांडणाऱ्या.

रत्नागिरीहून हुकूम आला:
ज्या याद्यांत त्यांचे स्वतःचे नाव नाही
अशा सर्व याद्यांची यादी करून
आठ दिवसांचे आत सादर करावी. विलंब चालणार नाही.

सहाशे चौतीस नावं लिहिली. हात दुखला.
मग शेवटची ओळ राहिली: ही यादी स्वतः.
लिहावी, तर ती स्वतःत आली, म्हणजे इथे नको.
खोडावी, तर स्वतःत नाही, म्हणजे हवीच.
लिहिली. खोडली. कागदाला भोक पडायची वेळ आली,
शाई वाळेना.

दाऊदमियांनी पानाला चुना लावला.
"गावखडीच्या अंगाला खाजण हाय.
त्याला इचार, तू जमीन का दर्या."

तर वही नेऊन तिवरांत ठेवली, बांधाच्या उघडीपाशी.
भरतीनं नाव पुसलं. ओहोटीनं परत आणलं,
बाजूला निवटीच्या शेपटीचा फराटा.
मी कळवलं: सदर यादी दिवसातून दोन वेळा खरी असते
व दोन वेळा खोटी. साहेबांनी वेळ पाहून यावे.
साहेब आलेले नाहीत. येणाऱ्यांच्या यादीत आहेत.

हसत कपाट लावायला वाकले, तेव्हा
सगळ्यात खालच्या फळीवर ती दिसली, पातळ, बिनआकड्याची:
कुठल्याच यादीत नाहीत त्यांची यादी.
सगळी पानं कोरी.

माझ्या पाठची एक बहीण होती. चार दिवस.
सटवी लिहायला यायची त्याच्या आदल्या रात्री गेली,
म्हणजे कपाळावरही काही नाही.
दप्तरात जन्म नाही, मृत्यू नाही. आई कधी बोलली नाही.
मी टाक बुडवला. लिहिलं: हौसाची धाकटी, नाव ठेवलं नव्हतं.
टाक उचलेपर्यंत पान कोरं.
बरोबरच आहे. लिहिली की ती यादीत आली,
यादीत आली की ती त्यातली नाही.

तरी तीनदा लिहिलं.
मग पान खिडकीशी धरलं, उन्हात.
शाई नव्हती, पण टाकाचे ओरखडे होते,
माझे तीन, आणि त्यांच्याखाली आणखी, आणखी,
इतके, की कागद कागद राहिला नव्हता,
ओहोटीनंतरच्या पुळणीसारखा झाला होता.
एका कोपऱ्यात उजवीकडून डावीकडे गेलेली एक ओळ.
बोट फिरवलं. मला ती लिपी येत नाही.
हाताचा दाब ओळखीचा.

दाऊदमियां संध्याकाळी जेट्टीवर बसतात.
मी शेजारी जाऊन बसते.
विचारलेलं नाही.
पाणी चढतंय. पलीकडे तिवरांत
एक नाव आत्ता पुसलं जात असेल.