वल्ह्याला कान
(बॅफिन बेट, ऑगस्ट)

इपीली वल्हं पाण्यात सोडतो
आणि मुठीचं टोक जबड्याच्या हाडाला टेकवतो.
"दात आवळू नकोस," मला सांगतो, "आवाज हाडातून येतो."

पूर्वी यायचा. दारावर नखं वाजावीत तशी टिकटिक,
मग चर्रर्र, मग माय-लेकराचं काहीतरी आपसातलं.
नार्व्हाल. त्याच्या आजीला एकेक जण ओळखू यायचा म्हणे.
यात थोडी बढाई असेल.

आज नुसती घरघर.
जहाज कुठंच दिसत नाही. डोंगरापलीकडून
तांबडं खनिज भरून ते निघालंय
कुणाच्या पुलासाठी, कुणाच्या तव्यासाठी.
माझ्याही घरी तवा आहे. मी गप्प.

"गेले नाहीत," तो म्हणतो. "इथंच आहेत, खाली,
श्वास धरून. ओर्का आल्यावर धरतात तसा.
पण ओर्का निघून जातो."

वल्हं वर येतं. टोकाला निळ्या प्लास्टिकच्या दोरीचा गुंता.
तो सोडवून खिशात टाकतो, न बघताच,
सवयीनं.

इंजिनाकडे हात नेतो.
मागे घेतो.

चार तास वल्हवत आलो.
किनाऱ्यावर नातीनं विचारलं, इंजिन बिघडलं का?
"हो," म्हणाला.