रूम टोन

मुलाखत संपली की मी सांगतो,
आता एक मिनिट कुणी बोलू नका,
खोलीचा आवाज घ्यायचाय.
गयाबाई ओव्हाळ हसल्या,
खोलीला कसला आलाय आवाज?

ताडीवाला रोड. दहा बाय बारा.
पत्र्यावर मांजर, शेजारी कुकर.
दौंडची गाडी गेली तशी
मांडणीतली ताटं एकमेकांना लागली.

त्याआधी तासभर त्या बोलत होत्या.
कलेक्टर कचेरीपाशी मोर्चा कुठं अडवला,
प्रज्योतला गाडीत कोंबताना
त्याची एक चप्पल रस्त्यावर राहिली,
ती यांनी पदरात घेतली.
दुसरी येरवड्यात जमा आहे. पावती आहे.

प्रभात रोडला एडिटवर निर्माता म्हणाला,
बाईंचा चेहरा धूसर करू, त्यांच्याच भल्यासाठी.
मी फोन लावला.

"वीस वर्षं कोथरूडच्या गल्ल्या झाडल्या,
तिथं कोण बघत होतं तोंडाकडं?
आता दिसतंय तर दिसू द्या.
पोराचं तेवढं झाका.
मंगळवारी तारीख आहे."

वकिलांनी खुणा केलेली नावं मी कापली.
सात नावं.
प्रत्येक कापाखाली
तिच्याच खोलीची शांतता अंथरली,
सांधा ऐकू येऊ नये म्हणून.

येतही नाही.
फक्त पाचव्या नावाच्या जागी
ताटं वाजतात.
ती मी काढलेली नाहीत.