अंगठ्याएवढा खळगा

नाताळाला चार दिवस.
उभादांड्यात दुपारपासून वीज नाही,
मिंगेलने दोह्याहून पाठवलेला ओव्हन
कपाटासारखा गप्प उभा.
त्याच्यावर आईने ओल्या फडक्याखाली
पीठ झाकून ठेवलंय.

लोणी, साखर, मैदा,
आणि दोन मुठी काजूकणी,
कारखान्यात बायकांना अर्ध्या भावाने मिळते ती.
बाजारात तिला कोणी पाकळीसुद्धा म्हणत नाही.

बरणी मे महिन्यातली. करवंदांचा जॅम.
सड्यावर गेलो होतो आम्ही दोघी,
चिकाने ओठ चिकटलेले, मनगटावर काट्यांचे ओरखडे,
आणि परतताना राऊळकाकी कुंपणावरून म्हणाली होती,
"पावसाआदी शिजव गो, नायतर आंबतली."
झाकण निघेना.
दाराच्या फटीत धरून पिळलं तेव्हा टक् झालं.
वरचा थर साखरेने गोठलेला,
खाली जांभळा, जवळजवळ काळा.

आता खळगे पाडायचे.
लिंबाएवढा गोळा, तळहातावर चपटा,
मधोमध अंगठा.
माझे उथळ, भीत भीत पाडलेले.
"दाब गो," आई म्हणते, "पीठ काय रडाचा नाय."

तिचा अंगठा आज पहिल्यांदा नीट बघते मी.
एकवीस वर्षं काजू फोडण्यात गेली.
टरफलातलं तेल कातडी जाळतं.
राख लावा, खोबरेल चोळा, मोजे घाला;
मोजे घातले की दिवसाचे किलो भरत नाहीत.
आधी काळा पडला, मग सोलत गेला,
आता वहाळातल्या गोट्यासारखा गुळगुळीत.

रेशनच्या दुकानात यंत्रावर ठेवते ती तो.
लाल दिवा.
झग्याला पुसून ठेवते. लाल.
डावा ठेवते, केसांवर घासून पुन्हा उजवा. लाल.
मागे रांग चुळबुळते.
माडयेकर तसा भला माणूस. म्हणाला,
"पिएदादबाय, मशीन म्हणता तुमी तुमी नाय."
तिथे सगळे हसले, तीही हसली.
वाटेत मात्र बोलली नाही.
त्या महिन्याचे तांदूळ माझ्या अंगठ्यावर आले.

अंगणात चुलीवर टोप,
टोपात दांड्यावरची वाळू, वाळूत तिवई, तिवईवर थाळी.
झाकणावर सोडणांचे निखारे.
घड्याळ घरात आहे, पण ती तेर्साचे मणी ओढते:
चाळीस मण्यांनी झाकण काढायचं,
पन्नासाव्याला करपतात.

पहिला घाणा निघाला.
माझ्या बिस्किटांत जॅम उतू गेलेला,
कडेला जळून चिकट झालेला.
अंगठ्याच्या रेषा मात्र उमटल्यात बारीक,
जिथे जॅम पोचला नाही तिथे.
तिच्यांत रेषा नाहीत.
खळगा खोल, नितळ,
किंचित डावीकडे कलता,
शिंपल्याच्या आतल्या बाजूसारखा,
आणि जॅम त्यात जसा बसवला तसा बसलेला.
शंभरांत टाकलं तरी ओळखेन.

ती ताटं लावते.
राऊळकाकीचं, पाद्रींचं, मुकादमिणीचं,
यांत माझी-तिची मिसळून.
माडयेकराच्या ताटात सगळी तिचीच.
मी एक माझं ठेवायला गेले तर
तिने उचलून माझ्या तोंडात घातलं, गरम.
"झाकून ने," म्हणाली. "आणि काय इचारल्यान तर..."
पुढचं बोललीच नाही. निखारे फुंकायला वळली.

सातव्या घाण्याला वीज आली.
आत ओव्हनचे आकडे उघडमीट करू लागले,
शून्य, शून्य, शून्य.
मी अर्धी उठले.
तिने मानही वळवली नाही,
ओठ हलत होते नुसते.
छत्तीस.
सदतीस.