कोंबडीवाला

यंत्र तळहाताएवढं.
आत एकवीस खेळ, कंपनीने निवडलेले,
पुसूनपासून ओळीत बसवलेले.
त्यांतला एकही आमच्या घरी कधी चालला नव्हता.

म्हणून ही वायर.
रिसेट दाबून धरायचं, मग पॉवर,
लाल दिवा लागून विझेपर्यंत थांबायचं.
पडद्यावर ताकीद: काम संपेपर्यंत वायर काढू नये.
मी टेबलावरचा चहासुद्धा उचलला नाही.

तीनशे मेगाबाइट जागा.
वूच शहरातल्या बावुत्स्की बाजाराची
अख्खी रांग मावली असती.

ब्याण्णव साली आई त्या रांगेत उभी असायची.
घडीच्या खाटेवर पिवळ्या कॅसेटी,
बोटं कापलेले हातमोजे, थर्मासात बीटचं सार.
कॅसेटीवर छापलेलं: एकशे अडुसष्ट खेळ.
आत अकरा.
उरलेले तेच ते, फक्त तिसऱ्या पातळीपासून सुरू होणारे,
किंवा विटा लाल नसून हिरव्या.
कुणी भांडायला आलं की ती विचारायची,
"मोजलेत का? सगळे मोजून या, मग बोलू."

एकच आला होता मोजून.
झेमोविट नावाचा, नाक गळणारा,
वहीत एकशे अडुसष्ट ओळींचा तक्ता आखून.
आईने तक्ता पूर्ण वाचला, बोट फिरवत,
आणि त्याला दुसरी कॅसेट फुकट दिली.
त्यातही अकराच होते, हे तिला माहीत होतं.

आमच्याकडे टीव्ही होता.
पण फोडलेलं खोकं विकलं जात नाही,
तेव्हा हात लावायचा नाही.
मी हात लावला नाही.

आता ती माझ्या सोफ्यावर,
गुडघ्यावर गरम पाण्याची पिशवी.
"एवढं घालतोयस तर कोंबडीवाला घाल."
कुठला कोंबडीवाला?
"निळी कोंबडी. डोक्यावर टोपी, हातात तलवार.
तोच तर सगळ्यात जास्त खपायचा."

ती झोपली. मी शोधत बसलो.
सातशे चाळीस फायली.
बदकं, पेंग्विन, चष्मा लावलेला एक शहामृग.
कोंबड्या दोन सापडल्या, एक रस्ता ओलांडत होती,
दुसरी नुसतीच अंडी टाकत होती.
तलवार कुणाकडेच नव्हती.

दोन वाजता डोक्यात उजेड पडला.
ती स्टिकरबद्दल बोलत होती.
कुठल्या तरी छापखान्यात कुणीतरी
आतलं काहीही न बघता काढलेलं चित्र,
आणि तेही काहीच न बघता
तिने तीन हिवाळे विकलं.

नवा खेळ घालताना यंत्र चार गोष्टी मागतं.
नाव: कोंबडीवाला.
साल: १९९२.
खेळाडू: मी एक लिहिलं, खोडलं, दोन लिहिलं.
मुखपृष्ठ मलाच काढावं लागलं.
टोपी जमली. तलवार चमच्यासारखी आली.
खाली फाईल जोडली ती हिरव्या विटांची.

सकाळी तिने चित्र लगेच ओळखलं.
"हाच," म्हणाली, आणि बटण दाबलं.
विटा पडायला लागल्या.
"कोंबडी कुठाय?"
पुढच्या पातळीवर, मी म्हणालो.

तिने मान वळवली.
बाजारात खोटी नोट उजेडात धरून बघायची
तसं माझ्याकडे बघितलं, बराच वेळ.
तेवढ्यात विटा वरपर्यंत भरल्या आणि खेळ संपला.

"परत लाव," म्हणाली,
आणि दुसरा कंट्रोलर
माझ्याकडे सरकवला.