घाऊक

सातपूरला रंगाचा कारखाना जळाला त्या रात्री
अशोकस्तंभाजवळच्या कचेरीतून
मी दोन ओळी सोडल्या:
रखवालदाराच्या विडीने आग. सहा ठार.

टेलिप्रिंटरवर पाच घंटा वाजल्या,
गावोगावच्या कचेऱ्यांत, एकाच क्षणी.
बाकीच्यांच्या अकरा मिनिटं आधी.
ती अकरा मिनिटं मी तेहतीस वर्षं पुरवून खाल्ली:
नागपूर, भोपाळ,
मग दिल्लीत काचेची केबिन
आणि सहीला हिरवी शाई.

विडी मला मालकाच्या मेहुण्याने दिली होती,
फाटकाशी, खांद्यावर हात ठेवून.
मी लिहिलं, सूत्रांकडून समजते.
सूत्र एकच होतं
आणि त्याला अत्तराचा वास येत होता.

चौथ्या दिवशी तपासाचा कागद आला.
वायर जुनी. फाटकाला बाहेरून कुलूप.
सहांपैकी एक, पुंजाजी गांगुर्डे, रखवालदार.
शुद्धिपत्र मीच टाइप केलं,
रात्री पावणेबाराला, पानं लागून गेल्यावर.
शुद्धिपत्राला घंटा नसते.
कुणी छापलं नाही.
पाठवल्याची नोंद आहे, फायलीत.

परवा इथे माझा सत्कार झाला. शाल, श्रीफळ.
विषय दिला होता: पत्रकाराचं उत्तरदायित्व.
पाऊण तास बोललो.
चांगला बोललो, हेच वाईट.

काल श्रमिकनगरात विचारत विचारत गेलो.
पुंजाजींचा दौलत मोटारी रिवाइंड करतो.
मांडीवर तांब्याच्या तारेचं वेटोळं.
"कुठल्या पेपरचे?"
पेपर नाही, एजन्सी.
"म्हणजे?"
आम्ही बातम्या पुरवतो, पेपर छापतात.
"म्हणजे घाऊक," तो म्हणाला,
तारेवरची नजर न काढता.

मग वेढे मोजत मोजतच:
"दम्याचा माणूस होता हो.
उदबत्ती लावली तरी उठून ओट्यावर जायचा.
शाळेत मला विडी म्हणायचे.
अजून एकदोघं म्हणतात, प्रेमाने."

मी खिशातून कार्बन कॉपी काढली. तीन ओळी,
घडीवर झिजलेल्या.
वाचू लागलो तसा त्याने हात वर केला.

"मला नको.
आई मागच्या खोलीत आहे.
तिला कमी ऐकू येतं,
मोठ्याने वाचावं लागेल."

दाराबाहेर नळावर बायका होत्या,
हंडे अर्धे भरलेले.
मी चष्मा काढला, पुसला,
पुन्हा पुसला.