वाळवीनं खाल्लेली ओवी

नवव्या अध्यायात, पान एकोणसाठ,
राणी वनात एकटी आहे. पोटुशी. पाय सुजलेले.
देवाला विचारते,
मी चुकले कुठं, तेवढं तरी सांग.
त्यापुढं ‘तंव देव’ एवढंच शाईत उरलंय
आणि मग बोटभर भोक.
भोकातून खालच्या पानावरचा ‘ळ’ दिसतो.

नथ्थूजी काळमेघ इथं चष्मा काढतात.
उपरण्यानं पुसतात. पुसलेलाच असतो.
पोथी त्यांच्या आज्याच्या हातची नक्कल,
मराठी त्याहून सहा-सातशे वर्षं जुनी.
अर्धी कळते, अर्धी नुसती ऐकू येते.
मी पाण्याचा गुंड घेऊन खांबाशी बसते.
या जागी मलासुद्धा कळतं.

मग कोणीतरी बोलतं. ठरलेलं काही नसतं.
जिनिंगमध्ये दोन बोटं गेलेला किसना उईके
एका साली म्हणाला,
“देव म्हने, मले काय मालूम बाई,
मी बी इथं कामालेच हाओ.”
लोक हसले. मग हसू जिरलं.

एका साली चंद्रकला. दोन पोरी घेऊन माहेरी आलेली.
“देव म्हने, तू नाही चुकली.”
वाती वळणाऱ्या तिच्या आईचा हात
मांडीवरच राहिला.

पारावर बसायची बंदी होती त्या साली
नथ्थूजींनी घरी एकट्यानंच वाचलं.
इथं थांबले.
बायको चुलीपासून म्हणाली,
“देव म्हने, जेवून घे.”

यंदा निकेश आला अमरावतीहून.
“आजोबा, छापील प्रत सापडली. यात पुरी हाय.”
दोन बोटांनी अक्षरं मोठी करून दिली.
नथ्थूजींनी चालीवर वाचलं, एक मात्रा न सांडता.

मुकुटाचं वर्णन होतं.
मुकुटात पाच रत्नं. कानात कुंडलं.
एका कुंडलाला मोती.
पुढं राणी नाही, तिचा प्रश्न नाही,
देव ‘म्हणे’सुद्धा नाही.

कोणी खोकललं.
सोयाबीनमधून फवाऱ्याचा वास आला.
“चांगलं हाय,” चंद्रकला म्हणाली,
“पन तिले सांगितलं काय त्यानं?”

निकेशनं खाली-वर सरकवून पाहिलं.
नथ्थूजींनी मोबाईल परत दिला,
पोथी ओढली, चष्मा काढला.
‘तंव देव’

बराच वेळ रातकिडेच.
मग चंद्रकलाची धाकटी, आईच्या मांडीवर,
जागी की झोपेत कोण जाणे,
म्हणाली, “देव म्हने…”
आणि कूस बदलली.

आम्ही अजून थोडं थांबलो.
नथ्थूजींनी पान उलटलं.