शनिवारचा रकाना

थेसालोनिकी बंदराच्या दप्तरखान्यात
एव्हान्थियाबाई जुनी वही उघडते.
हातमोजे घालायचा नियम आहे, ती घालत नाही.
कागद बोटांनाच कळतो, म्हणते.

१९०९. तंबाखू, कातडी, मार्सेयची कौलं,
ओडेसाचा गहू. वजन, जहाजाचं नाव,
हमालांचा मुकादम: मुशोन अलालूफ.
सहा ओळी गच्च भरलेल्या,
सातवी कोरी.

शनिवार.
खलाशी कठड्याला टेकून शिव्या घालायचे,
परदेशी कप्तान घड्याळं काढून दाखवायचे,
जकातदार पेंगायचा.
हमाल घरी, म्हणून बंदर बंद.
हमाल. हाच शब्द होता इथे, अगदी हाच.
पियानो पाठीवर घेऊन चढ चढणारे,
चारशे वर्षांमागे ज्या स्पेनने हाकललं
त्याच स्पेनची भाषा चुलीपाशी बोलणारे,
शुक्रवारी दिवस कलला की
दोर गुंडाळून खुंटीला लावणारे.

१९२४ पासून सातवी ओळ भरू लागते.
कायद्याने सुट्टी रविवारची.
मुशोनचं नाव शनिवारी दोनदा दिसतं,
मग अक्षर बदलतं.
हैफाला गेला म्हणतात. भाऊ राहिला.

१९४३. मार्च ते ऑगस्ट,
वहीत विशेष काही नाही.
गाड्या स्टेशनातून सुटल्या, धक्क्यावरून नव्हे,
तेव्हा ती नोंद आमच्याकडे नसायचीच,
असं म्हणून ती चष्मा पुसत बसते.

तिचा आजोबा स्मिर्नाहून आला,
एक पत्र्याचा डबा आणि ओली पँट.
लढाईनंतर त्याने अंगणात फरशी बसवली,
स्वस्तात मिळालेला संगमरवर.
त्यावर ती ठिकरी खेळली,
आईने त्यावरच गोधड्या आपटल्या.

परवा नळ गळतो म्हणून गवंड्याने
एक लादी उलटली.
खालच्या अंगाला अक्षरं,
चौकोनी, उजवीकडून डावीकडे.
तिने कागद ठेवून शिसपेन्सिल घासली
आणि वाचणारा शोधला.
‘…ची लेक, वय नऊ.’
नाव तुटलेल्या भागात गेलं.
तो भाग शेजारच्या भिंतीत असावा,
शेजारी भिंतीला हात लावू देत नाही.

लादी आता लिंबाच्या बुंध्याशी उभी आहे,
अक्षरं वर करून.
गवंडी दोनदा विचारून गेला: बसवू का परत?
खड्डा तसाच आहे.
अंगणात कुणी आलं की ती एवढंच सांगते,
इथून जरा बघून चाला.